आपल्याच गाण्यात पाहुणा

टोबोट 'कॉर्डेलिया', केरो, इलिनॉय
३ मार्च २००९

मिस ओडेसा,

मी रोझेल गेन्स. अक्षरावरून ओळखलंच असेल, अजून कोंबडीचे पायच आहेत. फोन करणार होतो, पण मागे केला तेव्हा माझा आवाज ऐकून तुम्ही ठेवून दिलात. शिवाय नदीवर फोन लागला तर लागतो. पत्राचं एक बरं, फाडायचं तरी माणूस आधी वाचतो.

गाणं सोडून मला आता बरीच वर्षं झाली. बार्ज ढकलणाऱ्या बोटीवर असतो. महिनाभर मालाचे बार्ज घेऊन नदीत, मग थोडे दिवस घरी. आमच्या पायलटला पुढच्या बार्जचं टोक दिसत नाही, इतका लांब तांडा असतो. म्हणून मी त्या टोकाला उभा राहून रेडिओवर ओरडतो, धक्क्याची भिंत इतकी लांब, आता इतकी, आता हळू. काम वाईट नाही. जेवण मिळतं, पण स्वयंपाक्याला मक्याची भाकरी येत नाही. तो आयोवाचा आहे, त्यात साखर घालतो.

लिहायचं कारण असं. न्यूयॉर्कची एक छोटी कंपनी आमचा रॅपचा अल्बम पुन्हा काढते आहे. 'बांधाच्या अलीकडे'. हो, तोच. अठ्ठ्याण्णव साली ज्याला कुत्रं विचारत नव्हतं तो. आता म्हणे लोक शोधत फिरतात. कंपनीत ॲशर नावाचा एक तरुण आहे, तो फोनवर मला 'सर' म्हणतो. लूशसच्या वाट्याची सही तुमची लागेल. तुम्ही त्याची बहीण, त्याचं असं दुसरं कोणी आता उरलेलं नाही.

माझी एक विनंती आहे. अल्बममध्ये लूशस जिथे जिथे बोलतो, तिथे त्याच्या प्रत्येक ओळीच्या आधी माझा आवाज येतो. तीच ओळ, हळू आवाजात, घाईघाईत. तुम्ही ऐकलं आहे. तो आवाज मला काढून टाकायचा आहे. तो वेगळ्या फितीवर आहे, नवा अल्बम बनवताना बंद करता येईल. माझी स्वतःची कडवी राहतील. लूशसच्या कडव्यांत फक्त लूशस राहील. कंपनी म्हणते, मिस टार्प्ली हो म्हणाल्या तर करू.

तुम्ही हो म्हणावं.

आपला,
रोझेल


ग्रीनव्हिल, मिसिसिपी
१४ मार्च २००९

रोझेल,

तुझं पत्र मिळालं. फाडलं नाही.

माझी संमती आहे. कागद पाठव, सही करते. हे अकरा वर्षांपूर्वी केलं असतंस तर बरं झालं असतं.

मला लिहिता येत नाही. मी नगरपालिकेच्या प्रयोगशाळेत पिण्याचं पाणी तपासते आणि दिवसातून दोन ओळींचा अहवाल देते. त्यामुळे जे आहे ते सरळ लिहिते, वाईट वाटून घेऊ नकोस.

अल्बम आला तेव्हा त्या मोठ्या मासिकात छापलेलं वाक्य मला अजून पाठ आहे. 'गेन्सला दम धरवत नाही; टार्प्लीच्या प्रत्येक ओळीवर तो आधीच उडी मारतो, आणि एके काळी दोघांतला सरस असलेला टार्प्ली आपल्याच गाण्यात पाहुणा असल्यासारखा त्याच्यामागून फरफटत येतो.' मेम्फिसच्या वर्तमानपत्रानेही तेच म्हटलं, फक्त कमी शब्दांत. ते लिहिणारे डेल्टात कधी आले नसतील. आपल्याकडची माणसं कशी बोलतात हेही त्यांना माहीत नसेल. पण त्यांनी जे ऐकलं तेच मीही ऐकलं.

मी तेव्हा जॅक्सनला नोकरीला होते. लूशसने फोनवर मला ते वाक्य वाचून दाखवलं. "सिस, ऐकलंस का, मी आपल्याच गाण्यात पाहुणा आहे म्हणे!" आणि हसला. भावाचं खोटं हसणं बहिणीला कळतं. ते जूनमध्ये. ऑगस्टमध्ये तो गेला. रक्तातल्या सिकल सेलच्या आजाराने गेला हे मला कळतं, वाक्याने कोणी मरत नाही. पण ते वाक्य बरोबर घेऊन गेला, आणि त्या वाक्यातला पहिला शब्द तुझं नाव होतं.

अंत्यविधीला मी तुला निरोप पाठवला होता. डॅडी असते तर चर्चचे डीकन म्हणून त्यांनी स्तोत्राची ओळ दिली असती. ते नव्हते, आणि त्यांच्यानंतर तशी ओळ देणं फक्त तुला येत होतं. त्यांनी तुला आणि लूशसला एकाच बाकावर बसवून शिकवलं होतं. चर्चभर लोक उभे राहिले आणि तू आला नाहीस. शेवटी पियानोवर काहीतरी वाजवून वेळ भरून काढावा लागला.

म्हणजे जिथे गप्प बसायचं तिथे तू बसला नाहीस, आणि जिथे तोंड उघडायचं तिथे आला नाहीस. मी फोन का ठेवते हे तुला कळावं म्हणून लिहिलं. यापुढे या विषयावर लिहिणार नाही.

आई तीन वर्षांपूर्वी गेली. तुला कोणी कळवलं की नाही माहीत नाही.

ओडेसा टार्प्ली


टोबोट 'कॉर्डेलिया', मेम्फिस
१९ एप्रिल २००९

मिस ओडेसा,

आईंचं मला बोटीवर कळलं होतं. तेव्हा आम्ही न्यू ऑर्लिन्सच्या खाली होतो. त्यांनी आमच्या जोडीचं नाव ऐकलं तेव्हा काय म्हणाल्या होत्या, आठवतं? "टार्प्ली अँड गेन्स? हे काय गाणाऱ्यांचं नाव झालं? शवपेट्या विकणाऱ्यांची पाटी वाटते!" आणि लूशस म्हणाला, "मग तर गिऱ्हाईक कधीच कमी पडणार नाही, आई." त्यांनी त्याला झाऱ्याने मारलं होतं. झाऱ्याचं तेल माझ्या शर्टावर उडालं.

तुम्ही लिहिलंत ते सगळं बरोबर आहे. दोन्ही बाबतींत.

ॲशरचं मात्र तुम्हाला सांगायला हवं. आता वारं फिरलं आहे. त्या वेळी ज्याला ते उतावीळपणा म्हणाले, त्यालाच आता 'प्रतिध्वनी' म्हणतात. कुठल्याशा विद्यापीठात कोणी त्यावर निबंध लिहिला आहे. प्रतिध्वनी आवाजाच्या नंतर येतो, आम्ही तो आधी आणला, म्हणून आम्ही काळाच्या पुढे होतो म्हणे. ॲशर विचारतो, "सर, ही कल्पना तुम्हाला कशी सुचली?" मी बोटीवर हे वाचून दाखवलं तर स्वयंपाकी म्हणाला, "मग प्रोफेसर, उद्यापासून दोरखंड कोण ओढणार?" दोन दिवस मला सगळे प्रोफेसर म्हणत होते.

तेव्हाच्या शिव्या मी पचवल्या. हे कौतुक पचत नाही. म्हणून तो आवाज काढायचा आहे. एवढंच समजा.

सोबत डिस्क आहे. माझा आवाज बंद करून मी घरी स्वतःच उतरवून घेतली आहे, कंपनी नंतर नीट करेल. नियमाप्रमाणे तुम्हाला पाठवावी लागते. अगदी ऐकायलाच हवी असं नाही. कागदावर जिथे पिवळी खूण आहे तिथे सही करून ॲशरला पाठवून द्या. टपालाचं पाकीट आत आहे.

रोझेल


ग्रीनव्हिल
१० मे २००९

रोझेल,

सही केलेली नाही. कागद माझ्याकडेच आहेत.

तू ऐकायची गरज नाही असं लिहिलंस, म्हणून मी ऐकली. एरवी कदाचित नसती ऐकली. शनिवारी दुपारी कपड्यांना इस्त्री करत होते, डिस्क लावली.

आधी वाटलं की बिघडली आहे. बाजा चालू होता, ढोल चालू होता, आणि लूशस नव्हता. मग खुर्ची करकरल्याचा आवाज आला. मग श्वास. मग एक अगदी बारीक आवाज, पत्र्याच्या डब्यात माशी अडकावी तसा. आणि त्यानंतर लूशस.

पुढच्या ओळीलाही तसंच. खुर्ची, श्वास, माशी, लूशस. मी इस्त्री बंद केली.

ती माशी कोण हे समजायला मला दोन गाणी लागली. ती तू आहेस. त्याच्या कानावरच्या हेडफोनमधून बाहेर झिरपलेला तुझा आवाज आहे. तू त्याच्या ओळीवर उडी मारत नव्हतास. तू बोलल्याशिवाय तो बोलतच नव्हता. तू थांबलास तर तोही थांबतो. डॅडींच्या बागेवरचं जे गाणं आहे, भेंडी आणि कलिंगडांचं, त्यात एका ठिकाणी माशी येऊन जाते आणि तो काही बोलत नाही. बाजा पुढे निघून जातो. मग तो अगदी हळू म्हणतो, "गेली रे. परत दे, भाऊ." आधी हे कधी ऐकू आलं नव्हतं, कारण त्यावर तुझा आवाज होता.

'दे' हा शब्द मी कुठे ऐकला आहे ते मला माहीत आहे आणि तुलाही माहीत आहे. पुढच्या बाकांवरच्या म्हाताऱ्या बायका डॅडींना असंच म्हणायच्या. "द्या डीकन, ओळ द्या." डॅडी एक ओळ भरभर सांगायचे, आणि सगळं चर्च ती घेऊन सावकाश, इतकी सावकाश ओढायचं की लहानपणी मला वाटायचं पुढची ओळ येण्याआधी जेवणाची वेळ होईल.

बागेचं गाणं लूशसने स्वतः लिहिलं होतं. मला त्याने ते पाठ म्हणून दाखवलं होतं, अल्बम व्हायच्या आधी दोन नाताळ. स्वतःचं गाणं त्याला कोणाकडून घ्यायची वेळ का आली?

मला खरं सांग. त्याला काय झालं होतं?

ओडेसा


घरी, रोझडेल, मिसिसिपी
२४ मे २००९

मिस ओडेसा,

हे पत्र मी चार वेळा लिहिलं. बोटीवर जमलं नाही, घरी आल्यावर लिहितो आहे.

सत्त्याण्णवच्या वसंतात सुरुवात झाली. आम्ही बांधाजवळच्या त्या टपरीवर खायला गेलो होतो. लूशस खिडकीशी उभा राहिला आणि बोलेचना. बाई म्हणाली, "बोल बाळा, मागे रांग आहे." तो म्हणाला, "ते द्या... ते नदीतलं... मिशा असलेलं." सगळे हसले. तोही हसला. मीही. कॅटफिश हा रोजच्या माशाचा शब्द त्याला सापडत नव्हता. डेल्टात जन्मलेल्या माणसाला.

मग माणसांची नावं जायला लागली, मग गाणी. जॅक्सनच्या मोठ्या इस्पितळात त्याने तपासून घेतलं. तुम्ही राहत होतात त्याच गावात येऊन गेला, तुम्हाला न भेटता. डॉक्टरांनी सांगितलं की सिकल सेलमुळे मेंदूत बारीक बारीक गुठळ्या होऊन गेल्या आहेत, दुखत नाहीत म्हणून कळलं नाही. आणखी होतील. त्याने माझ्याकडून वचन घेतलं. "सिसला सांगायचं नाही. ती नोकरी सोडून घरी येईल आणि मला चमच्याने भरवेल. शिकून बाहेर पडलेली ती एकटी आहे. परत आणू नकोस तिला."

मी म्हणालो, अल्बम राहू दे. तो म्हणाला, "शब्द गेले आहेत, मी नाही गेलो." पुतळ्यासारखा माइकसमोर बसून राहायचा. कागद दिला तर अक्षरं हलतात म्हणायचा. पण पहिले दोन शब्द कानात पडले की पुढचं सगळं यायचं, आणि माझ्या तोंडून गेलेली ओळ त्याच्या तोंडून वेगळीच होऊन यायची. त्यालाच ते सुचलं. म्हणाला, "डॅडीसारखी ओळ दे की."

मी म्हणालो, "लोक काय म्हणतील?"

"चर्चमध्ये पुस्तकं कुणाकडे होती, गेन्स? माझ्या आजीला वाचता येत नव्हतं. डीकनने दिलं, तिने घेतलं. तिला कोणी विसराळू म्हणालं का? दे तू."

म्हणून दिली. माझ्या चुलतभावाच्या गॅरेजमध्ये, तो पलीकडच्या खोलीत आणि मी यंत्राशी. सगळा अल्बम तसा केला. झाल्यावर मी माझा आवाज काढायला घेतला, तर तो भडकला. "ओळ देणाऱ्याला चर्चच्या बाहेर काढतात का? राहू दे त्याला." म्हणजे तो आवाज ठेवला तो त्याने. आता मी काढायला निघालो, ते त्याला विचारून नाही. तुम्ही तोच आवाज ऐकून माझा राग करत होता, आणि न्यूयॉर्कवाले त्याच आवाजावर मला हार घालत होते. दोन्ही एकदम सहन होईना.

आता ते वाक्य. मासिक मीच लपवलं होतं, पण त्याला ते न्हाव्याच्या दुकानात सापडलं. तो ते घेऊन तुमच्या स्वयंपाकघरात आला. आई रविवारचं चिकन तळत होत्या. तो वाचत गेला आणि 'पाहुणा' शब्दावर हसायला लागला, अगदी डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. म्हणाला, "पाहुणा? मग मला आधी वाढा!" तुमच्या घरात पाद्री जेवायला आले की पोरं दाराआड उभी राहायची, आणि चांगला तुकडा आधी पाहुण्याच्या ताटात. लूशस लहानपणापासून त्या तंगडीवर डोळा ठेवून होता. त्या दिवशी आईंनी ती त्याला दिली. मग त्याने तुम्हाला फोन केला. ते हसणं खोटं नव्हतं, मिस ओडेसा. मी समोर उभा होतो. फोनवर त्याला बोलायला थोडा वेळ लागत होता, शब्द शोधावे लागत होते. तेवढंच तुम्हाला ऐकू आलं असेल.

अंत्यविधीला मी आलो होतो. मागच्या दाराशी, जिथे नंतरच्या जेवणाचे केक मांडून ठेवले होते, तिथे उभा होतो. लोक उठून उभे राहिले ते मला ऐकू आलं. ओळ माझ्या तोंडात होती. पण वर्षभर मी ती एकाच माणसाला दिली होती. मी देईन, सगळ्यांचे आवाज येतील, आणि तो एक येणार नाही, हे माझ्या लक्षात आलं आणि तोंड उघडलं नाही. म्हणून निघून गेलो.

वचन मोडलं. आता तुम्ही ठरवा.

रोझेल


ग्रीनव्हिल
७ जून २००९

रोझेल,

तू वचन मोडलं नाहीस. मला त्यानेच सांगितलं. तू फक्त तुझा आवाज बाजूला केलास.

तो जॅक्सनला येऊन गेला हे मला आता कळलं. मी त्या इस्पितळापासून चालत जाण्याच्या अंतरावर राहत होते. त्याचं बरोबर होतं, मी नोकरी सोडून आले असते.

त्या शनिवारनंतर मी जुनी कॅसेटही काढून ऐकली, तुझ्या आवाजासकट. आता ती वेगळी ऐकू येते. तू ओळ पुढे सरकवतोस आणि तो ती उचलतो. बागेच्या गाण्यात शेवटच्या कडव्याला तू नुसते दोन शब्द देतोस आणि तो बाकीची ओळ स्वतः म्हणतो, तेव्हा तुझा आवाज बंद होतो. तिथे तू खूश झाला असशील.

तर माझं म्हणणं असं. आवाज परत घाल. जसा होता तसाच. त्याच्याशिवाय मी सही करणार नाही. मला माझा भाऊ एकटा ऐकायचा होता, आणि एकदा ऐकला. ते पुरे. त्या खुर्चीत तो फार एकटा वाटतो.

लोकांना आजाराचं सांगू नकोस. त्याने मला नको म्हटलं, तर न्यूयॉर्कला कशाला? पण पुस्तिकेत, जिथे कोणी काय वाजवलं ते छापतात, तिथे एवढं लिहायला सांग: 'ओळ दिली: रोझेल गेन्स. ओळ घेतली: लूशस टार्प्ली.' जे आपले आहेत त्यांना कळेल.

आणखी एक. ऑगस्टच्या तिसऱ्या रविवारी चर्चचा होमकमिंग आहे, बाहेरगावी गेलेले सगळे येतात, कबरींवरचं गवत काढतात, अंगणात जेवण असतं. हल्ली ओळ कोणी देत नाही. भिंतीवर पडदा लावला आहे, त्यावर शब्द येतात आणि लोक माना वर करून वाचतात. पाद्रीसाहेबांना मी विचारलं आहे. ते म्हणाले एक स्तोत्र जुन्या पद्धतीने घेऊ, पडदा बंद ठेवून. ओळ देणारा माणूस नाही.

मक्याची भाकरी मी करेन. साखरेशिवाय.

आणि मिस ओडेसा लिहिणं सोड. तुला घरात लहानपणापासून जेवायला वाढलं आहे. तो म्हणायचा तेच म्हण.

ओडेसा


टोबोट 'कॉर्डेलिया', बॅटन रूज
२६ जुलै २००९

सिस,

हा शब्द लिहायला इतका वेळ लागला की स्वयंपाक्याने विचारलं, "प्रेयसीला लिहितोस काय?" मी म्हणालो, "बहिणीला." तो म्हणाला, "मग इतका घाम का?"

अल्बम आला. पुस्तिकेत तुम्ही सांगितलंत तसंच छापलं आहे. सोबत एक पाठवतो. आणि पुन्हा घोटाळा झाला. त्याच मोठ्या मासिकात परीक्षण आलं आहे, या वेळी भरभरून. तारे वगैरे दिले आहेत. पण लिहिणाऱ्याने 'ओळ दिली'चा अर्थ असा लावला की लूशसचे शब्द मी लिहून दिले आणि त्याने नुसते म्हटले. 'टार्प्ली अँड गेन्सचा खरा लेखक अखेर उजेडात,' असं लिहिलं आहे.

मला ॲशरला फोन करून ओरडावंसं वाटलं. मग वाटलं, ओरडून काय सांगणार? खरं सांगितलं तर आजार सांगावा लागतो. गप्प बसलो तर त्याचं लिहिलेलंही माझ्या नावावर जातं. आधी त्याला त्याच्या गाण्यात पाहुणा केलं, आता घरातूनच काढलं. तुम्ही म्हणाल तसं करतो.

ऑगस्टचं सांगता येत नाही. बोट कुठे असेल ते नदीच्या पाण्यावर आहे. आणि खरं सांगू? बोट हे निमित्त आहे. ती ओळ मी अकरा वर्षं तोंडात धरून आहे. दिली, आणि पुन्हा ते मागच्या दारासारखं झालं तर?

रोझेल


ग्रीनव्हिल
२३ ऑगस्ट २००९

रोझेल,

गेल्या रविवारी होमकमिंगला तू आलास, पण जेवण उरकताच बोट गाठायला निघालास, त्यामुळे बोलणं झालं नाही. तसंही अंगणात सगळ्यांसमोर मला बोलता आलं नसतं. केकचा अर्धा भाग तू विसरलास. टपालाने पाठवता येत नाही, मी खाल्ला.

ॲशरला मी पत्र लिहिलं आहे. एवढंच लिहिलं की बागेचं गाणं माझ्या भावाने लिहिलं, डॅडींनी ती बाग लावली होती, भेंडीची जात कुठली होती तेही मी सांगू शकते. ओळ देणं म्हणजे लिहून देणं नव्हे. ते काय असतं हे ऐकायचं असेल तर पुढच्या वर्षी तिसऱ्या रविवारी ये, मागचा बाक रिकामा असतो. त्याचं सभ्य उत्तर आलं, पुढच्या छपाईत दुरुस्ती करतो म्हणाला. मासिकवाल्यांनी काही कळवलेलं नाही. कळवतील असं वाटत नाही. आपल्यावर लिहिणारे हे सगळे तीनदा लिहून तीनदा चुकले, आणि तिन्ही वेळा आपण त्यांना काही सांगितलं नाही. मला आता त्यांचा राग येत नाही.

तू उभा राहिलास तेव्हा आधी मागच्या दाराकडे बघितलंस. ते पुढच्या बाकावरून दिसलं. पाद्रीसाहेबांनी पडदा बंद केला आणि मागून कोणी म्हातारी म्हणाली, "द्या बाळा, ओळ द्या." कोण होती ते मला कळलं नाही. मग तू दिलीस. डॅडींसारखीच, भरभर, मान थोडी खाली घालून. लोकांनी ती घेतली. ज्यांना ती येत होती त्यांनी आधी, मग बाकीच्यांनी. ती चाल मी अकरा वर्षांत ऐकली नव्हती.

जाताना तू गाडीशी मला विचारलंस, "दुसऱ्या ओळीला काय झालं, सिस? मी नीट दिली नाही का?" मी नुसती मान हलवली आणि तू निघून गेलास. ते उत्तर देण्यासाठी हे पत्र लिहिते आहे, वाटेत तू त्याचा विचार करत बसशील म्हणून.

तू दुसरी ओळ नीट दिलीस. मी ती घेतली नाही. सगळं चर्च माझ्याकडे बघून घेतं, डीकनची मुलगी म्हणून. मी सुरुवात केली नाही, म्हणून शेजारची थांबली, तिच्यामुळे तिच्या मागची, आणि सगळेच थांबले. तू मान वर करून माझ्याकडे बघितलंस. तुझ्या चेहऱ्यावर भीती होती, मी ओळखली.

मला ओळ आठवत नव्हती असं नाही. शब्द मला येत होते. लूशसला ओळ घ्यायला जेवढा वेळ लागायचा, तेवढा वेळ मी थांबले होते. त्याची जागा ठेवून मग घेतली.

ओडेसा